स्क्रूवाला, रॉनी

(१९५६– ). दूरचित्रवाणी व चित्रपट या क्षेत्रांतील भारतीय उद्योजक आणि व्यावसायिक कबड्डी लीगमधील मुंबईच्या ‘यू मुम्बा’ या संघाचे संस्थापक-मालक. संपूर्ण नाव रोहिंटन सोली स्क्रूवाला. मुंबईतील एका पारशी कुटुंबात त्यांचा जन्म झाला. त्यांचे शालेय शिक्षण मुंबईच्या कॅथीड्रल अँड जॉन कॉनन विद्यालयात झाले. तरुणपणी त्यांनी इंग्रजी रंगभूमीवर भूमिका केल्या. दात घासण्याचे ब्रश तयार करण्याचा एक उद्योगही त्यांनी उभारला होता. त्यांच्या पुढील काही व्यवसायांच्या नावांत आढळणारा ‘युनिलेझर’ हा शब्द या उद्योगाची आठवण देतो.

माध्यमव्यवसाय : १९८० नंतरच्या पहिल्या काही वर्षांत भारतीय प्रेक्षकाला दूरदर्शनखेरीज अन्य वाहिनी उपलब्ध नव्हती. त्या काळी मुंबईतील उंच इमारतींमध्ये केबल टाकून, एका ठिकाणच्या व्हिडिओ यंत्रावरून घरोघरी चित्रपट दाखविण्याची सोय ज्यांनी प्रथम केली, त्यांत स्क्रूवाला यांचा समावेश होतो. प्रेक्षक आपल्या करमणुकीसाठी दरमहा ठराविक रक्कम देण्यास तयार असतो, हा धडा त्यांना या व्यवसायात मिळाला. १९९० मध्ये त्यांनी झरीना मेहता व अभिनेत्री दुर्गा खोटे यांचे नातू देवेन खोटे यांच्या समवेत ‘यूटीव्ही’ ही निर्मितिसंस्था स्थापन केली. तिची शांती (१९९४) ही दूरदर्शनवरील आरंभीच्या दैनंदिन मालिकांपैकी एक होय. पुढे संस्थेने ‘हंगामा’ ही मुलांची वाहिनी सुरू केली. तसेच स्वदेस (२००४), रंग दे बसंती (२००६), जोधा अकबर (२००८) इ. हिंदी चित्रपटांची निर्मिती केली. हरिश्चंद्राची फॅक्टरी (२००९) या मराठी चित्रपटाशीही तिचा संबंध होता. २००६ मध्ये वॉल्ट डिझ्नी या अमेरिकन कंपनीने हंगामा वाहिनी विकत घेतली व यूटीव्हीत भांडवल गुंतविले. २०१२ मध्ये यूटीव्ही पूर्णतः डिझ्नीच्या मालकीची झाली. त्यानंतर अल्पावधीतच स्क्रूवाला तिच्या कारभारातून निवृत्त झाले आणि क्रीडा, शिक्षण व ग्रामविकास या क्षेत्रांकडे वळले.

कबड्डीची पूर्वपीठिका : स्क्रूवाला यांच्या क्रीडाकार्याचे मोल कळण्यासाठी त्यापूर्वीची कबड्डीची स्थिती ध्यानी घेणे आवश्यक आहे. भारताने कोणताही खेळ ‘राष्ट्रीय खेळ’ म्हणून अधिकृतपणे घोषित केलेला नाही. तथापि महाराष्ट्रात हुतुतू, बंगालमध्ये हाडुडू व तमिळनाडूत चेडुगुडू या नावांनी खेळला जाणारा हा खेळ देशभर रुजलेला आहे. त्याला नियमबद्ध रूप देण्यात महाराष्ट्र व बडोदे येथील क्रीडासंस्थांचा वाटा मोठा होता. १९३६ मध्ये बर्लिन ऑलिंपिकच्या प्रसंगी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने देशी खेळांची प्रात्यक्षिके केली, त्यांत कबड्डीचा समावेश होता. १९५० मध्ये अखिल भारतीय महासंघ स्थापन झाला. दिल्लीच्या १९८२ च्या आशियाई क्रीडास्पर्धांत हा खेळ प्रात्यक्षिकरूपाने दाखविण्यात आला. बीजिंगच्या १९९० च्या स्पर्धांपासून त्याला पदकाचा दर्जा मिळाला आणि २०१४ पर्यंतच्या सातही स्पर्धांत भारतीय पुरुष संघाने सुवर्णपदक पटकाविले.

या यशाच्या मानाने खेळाडूची प्राप्ती मात्र बेताची होती. गावोगावची मंडळे, त्यांचे विनामोबदला राबणारे कार्यकर्ते आणि मैदानाची माती यांवर खेळ जगत होता. उत्तम खेळाडूला रेल्वे, पोलीस, बँका यांसारख्या ठिकाणी नोकरी मिळणे हेच त्याचे परमोच्च फळ मानले जाई. ज्याला अशी नोकरी मिळाली नाही, त्याचा खेळ बहुधा संसाराच्या ओझ्याखाली संपे.

यू मुम्बा : उद्योजक आनंद महिंद्रा व क्रीडासमालोचक चारू शर्मा यांच्या पुढाकाराने, ‘स्टार’ या वाहिनीसमूहाच्या साहाय्याने २०१४ मध्ये प्रो कबड्डी लीग सुरू झाली. लीगची कल्पना स्क्रूवाला यांची नव्हती. परंतु तिच्या पहिल्या आठ संघांपैकी मुंबईचा संघ त्यांनी घेतला आणि चित्रपटाच्या प्रसिद्धीचे तंत्र त्यांनी त्याच्या उभारणीसाठी वापरले. नारिंगी व काळ्या रंगांचा वेश, सहज उच्चारता येणारे नाव आणि अनूप कुमार या शांत प्रकृतीच्या कर्णधाराची लोकांपुढे ठसठशीतपणे उभी केलेली प्रतिमा ही त्याची ठळक अंगे होत. २६ जुलै २०१४ रोजी मुंबईतील वरळी येथे लीगचा उद्‌घाटनाचा सामना यू मुम्बाने जयपूरविरुद्ध ४५–३१ असा जिंकला. त्याच वर्षी अंतिम सामन्यात मात्र जयपूरने त्याचा पराभव केला. २०१५ मध्ये बंगळूरला ३६–३० असे हरवून यू मुम्बाने अजिंक्यपद मिळविले.

लीगमध्ये मातीऐवजी मॅटचा वापर होतो. चढाईस ३० सेकंदांची मर्यादा असते. लागोपाठ दोन चढाया निष्फळ ठरल्यास तिसऱ्या चढाईत गुण मिळवावाच लागतो, नाहीतर चढाई करणारा बाद होतो. बचाव करणारे तीन वा त्यांहून कमी खेळाडू उरले असता त्यांनी पकड केल्यास एक अधिक गुण मिळतो. या नियमांमुळे वेळ काढण्याची वृत्ती कमी झाली व सामना पडद्यावर सतत रंगत राहील अशी योजना झाली. सामने मोठ्या शहरांत होत असले, तरी पुलगावसारख्या लहान गावातील प्रेक्षकाला ते घरबसल्या पाहता येऊ लागले.

आर्थिक परिणाम : २०१४ च्या पहिल्या लिलावात सर्वाधिक बोली १२.८० लाख रुपयांची होती. २०१८ मध्ये यू मुम्बाने फझल अत्राचली या इराणी बचावपटूस एक कोटी रुपये देऊन घेतले. या लीगमधील ही पहिली कोटीची बोली होय. त्याच वर्षी कोल्हापूर जिल्ह्यातील सिद्धार्थ देसाई हा नवखा चढाईपटू ३६.४० लाख रुपयांना यू मुम्बाकडे आला. त्याच्या कामगिरीमुळे पुढील वर्षी तेलुगू संघाने त्याला १.४५ कोटी रुपयांना घेतले. वर्षभरातील ही वाढ नोकरीच्या वेतनश्रेणीत कधीच शक्य झाली नसती. खेळ हाच उपजीविकेचा मार्ग होऊ शकतो, ही जाणीव ग्रामीण तरुणांत निर्माण झाली, हे लीगचे महत्त्वाचे फलित होय.

या व्यवस्थेच्या मर्यादाही स्पष्ट आहेत. मोठ्या रकमा निवडक खेळाडूंच्याच वाट्याला येतात. जी मंडळे मुलांना प्रथम मैदानात उतरवितात, त्यांचे श्रम लिलावात मोजले जात नाहीत. २०१६ मध्ये लीगला जोडून तीन संघांची महिला स्पर्धा घेण्यात आली. तिच्यात महाराष्ट्राच्या अभिलाषा म्हात्रे यांनी एका संघाचे नेतृत्व केले. ही स्पर्धा पुढे चालू राहिली नाही. लीगमुळे परदेशी खेळाडूंनाही उच्च दर्जाचा सराव मिळाला. २०१८ च्या आशियाई स्पर्धांत इराणने भारताच्या पुरुष संघास उपांत्य फेरीत व महिला संघास अंतिम फेरीत नमविले; २०२३ मध्ये हांगझोऊ येथे दोन्ही सुवर्णपदके भारताने पुन्हा मिळविली. भारताचा पराभव जिव्हारी लागणारा असला, तरी खेळ खऱ्या अर्थाने आंतरराष्ट्रीय होत असल्याचे ते लक्षण होते.

अन्य कार्य : पत्नी झरीना यांच्यासह स्क्रूवाला यांनी चालविलेले ‘स्वदेस फाउंडेशन’ रायगड जिल्ह्यातील महाड, पोलादपूर, माणगाव इ. तालुक्यांत पाणीपुरवठा, आरोग्य, शिक्षण व उपजीविका यांसंबंधी काम करते. ‘अपग्रॅड’ (२०१५) या ऑनलाइन शिक्षणसंस्थेचे ते सहसंस्थापक आहेत. ‘आरएसव्हीपी’ या संस्थेद्वारा त्यांनी चित्रपटनिर्मिती पुन्हा सुरू केली. ड्रीम विथ युवर आइज ओपन (२०१५) हे त्यांचे उद्योगविषयक इंग्रजी पुस्तक होय.

पूर्वीचे संस्थानिक व धनिक खेळाडूंना आश्रय देत. तो त्यांच्या मर्जीवर अवलंबून असे. स्क्रूवाला यांचे साहाय्य या परंपरेतील नव्हे. त्यांनी खेळात भांडवल गुंतविले व खेळाडूच्या कौशल्याला करारबद्ध मोबदला दिला. मर्जीच्या जागी करार आला, हा या बदलाचा गाभा आहे. मात्र असा करार प्रेक्षकसंख्या टिकेल तोवरच टिकतो. म्हणून पडद्यावरून येणारा पैसा गावच्या मैदानापर्यंत कितपत पोहोचतो, यावरच या प्रयोगाचे स्थायी यश ठरेल.