गुणपत्रकात न मावलेली पकड

कबड्डीची जुनी गुणपत्रकं वाचायचं मला फार वर्षांपासून वेड आहे. पेण-रोह्याच्या क्रीडावारशावर कुणी माहितीपट करणार असेल, तर करंडकांच्या कपाटाआधी त्याने या कागदांपाशी बसावं.

पेणच्या गणेशमूर्ती आणि धावीर महाराजांच्या पालखीला रोह्यात मिळणारी पोलिसांची मानवंदना कॅमेऱ्याने पुष्कळ टिपली. भातकापणीनंतर शेतात आखलेल्या कबड्डीच्या मैदानांच्या वाट्याला तेवढं चित्रण आलेलं नाही. खेळाचा मोठा इतिहास मात्र सर्वांना ठाऊक आहे: १९२३ साली बडोद्यात छापलेले नियम, १९३६ साली बर्लिनमध्ये अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने केलेलं प्रात्यक्षिक, १९९० साली बीजिंगला आशियाई सुवर्ण.

मला गुंतवून ठेवतो तो संजीवनी, गामिनी आणि अमर या तीन प्रकारांचा जुना वाद. संजीवनीत प्रतिस्पर्ध्याचा गडी बाद केला की आपला बाद गडी परत येतो. गामिनीत बाद झालेला गडी सगळा संघ बाद होईपर्यंत बाहेरच. अमरमध्ये बाद गडी मैदान सोडतच नाही. प्रतिस्पर्ध्याला गुण मिळतो आणि खेळ पुढे चालतो. म्हणजे अमरमध्ये गडी बाद झाल्याचा पुरावा फक्त गुणलेखकाच्या कागदावर उरतो. पुढे संजीवनीची सरशी झाली आणि आजचा खेळ तिच्यावरच उभा राहिला. माझ्या मते ते योग्यच झालं, कारण परतणाऱ्या गड्यामुळे हरत आलेल्या संघालाही शेवटपर्यंत आशा राहते. पण अमरमुळे गुणलेखकाचं मोल कळतं, ते विसरता कामा नये.

म्हणून टेबलावर बसणाऱ्या त्या गुणलेखकाची मुलाखत आधी घ्यायला हवी. चढाईपटूचे गुण, सगळा संघ बाद केल्यावर लोणाचे मिळणारे दोन जादा गुण, मध्यंतराची आघाडी हे सगळं तो नेमकं टिपतो. बचावपटूच्या पकडीचाही गुण लिहितो. पण ती पकड कशी झाली, ते लिहायला रकानाच नाही. डाव्या कोपऱ्यातल्या गड्याने घोटा कधी धरला, मध्यरक्षकाने कंबर कशी आवळली, बचावपटूंची साखळी कुठल्या हातापाशी तुटली, हे कागद सांगत नाही. चढाईपटूच्या हनुमान उडीची आठवण गावभर राहते. ती उडी मारू न देणाऱ्याचं नाव त्याच्याच पिढीबरोबर जातं.

आता मातीच्या जागी मॅट आली. चढाईला तीस सेकंदांची मर्यादा आली. मॅटवर पाय वेगळा रोवतो, म्हणून पकडही बदलते. खेळ थांबून राहावा असं मी म्हणणार नाही. पण मातीतली पकड ज्यांच्या अंगात आहे ते बचावपटू आज वयस्क आहेत. माहितीपटकाराने त्यांना नुसत्या आठवणी विचारू नयेत. गावातली पोरं समोर उभी करून प्रत्येक पकड सावकाश करून दाखवायला सांगावी, दोन बाजूंनी चित्रित करावी आणि ती पकड ज्या सामन्यात गाजली त्याचं गुणपत्रक मिळालं तर त्याच चित्रफितीला जोडावं. पेणच्या खारेपाटातल्या आणि रोह्याच्या कुंडलिकेकाठच्या गावांत हे काम याच मोसमात सुरू व्हायला हवं.