गड उतरताना

सुमारे १३०० मीटर उंचीचा सिंहगड आतकरवाडीच्या पायवाटेने चढताना जवळपास ६०० मीटरची चढाई करावी लागते, आणि शनिवारी-रविवारी पहाटे या वाटेवर जी गर्दी लोटते तिच्यात कौतुक होते ते गड किती वेळात चढला याचे. उतरणीचा हिशेब सहसा कोणी ठेवत नाही.

साठ किलो वजनाची व्यक्ती हा चढ चढते तेव्हा वजन वर नेण्याचे प्रत्यक्ष काम सुमारे ८५ किलोकॅलरींचे होते; पण स्नायू मिळालेल्या ऊर्जेपैकी जेमतेम चौथा हिस्साच कामी लावू शकत असल्याने खर्च त्याच्या चौपट होतो आणि उरलेल्या ऊर्जेची उष्णता बनते. ती बाहेर टाकण्यासाठी घाम येतो, घामावाटे पाणी व मीठ जाते, रक्तातील द्रव कमी होतो आणि तेवढेच रक्त पुरवण्यासाठी हृदयाला अधिक वेगाने धडधडावे लागते. वाटेवरच्या टपरीतील मीठ घातलेले लिंबू सरबत किंवा ताक म्हणूनच नुसते चवीपुरते नसते.

उतरताना चित्र पालटते. गुडघा वाकत असताना मांडीच्या पुढच्या बाजूचे स्नायू लांब होत जातात आणि त्याच वेळी शरीराला आवरून धरण्यासाठी जोरही लावतात. या क्रियेत ऊर्जा कमी लागते, परंतु स्नायूंच्या तंतूंना सूक्ष्म इजा होते. धाप थांबलेली असल्यामुळे मनाला मात्र श्रम संपल्यासारखे वाटते, लक्ष गप्पांकडे वळते, पावले लांब पडू लागतात आणि सुट्या मुरमावरून पाय घसरतो. श्वास हा श्रमाचा विश्वासू मापक आहे अशी समजूत येथे फसवी ठरते. इजेची कळ एक ते तीन दिवसांत तीव्र होते, त्यामुळे रविवारच्या उतरणीचे दुखणे मंगळवारी जिना उतरताना जाणवते आणि दोष दिला जातो चढाला, नाहीतर लॅक्टिक आम्लाला, जे वास्तविक तासाभरात रक्तातून निवळलेले असते.

गुडघे किंचित वाकवून आखूड पावले टाकली आणि काठीचा आधार घेतला, तर हा भार हलका होतो. त्याहून महत्त्वाचे म्हणजे स्नायू शिकतात: एकदा बेताची उतरण केली की पुढचे काही आठवडे तशाच श्रमाने होणारी इजा कमी राहते. राजगड-तोरण्याचा बेत असलेल्यांनी त्यापूर्वीच्या आठवड्यांत पर्वतीच्या १०३ पायऱ्या चढण्याइतक्याच लक्षपूर्वक उतराव्यात, त्याही निवांत.