दुरुस्तीनंतरचा धडा

दसऱ्याच्या संध्याकाळीं कोल्हापुरांत दसरा चौकांत जे उभे राहिले असतील, त्यांनीं छत्रपतींच्या घराण्याची ती जुनी मेबॅक मोटार पाहिली असेलच. १९३६ सालची ही जर्मन बनावटीची गाडी सीमोल्लंघनाच्या सोहळ्यांत आजहि दिमाखानें मिरवते. लहानपणीं वडिलांच्या खांद्यावर बसून मीं ती पाहिली. आतां नातीचा हात धरून पाहतों. त्या काळच्या मोटारींत विजेचा उपयोग बत्ती, भोंगा, ठिणगी अशा मोजक्याच कामांपुरता असे. आंत बसून हिशेब करणारें असें कांहीं नसे. इंजिन दुरुस्त झालें कीं मिस्त्री तें चालू करी, मान तिरकी करून त्याचा आवाज ऐके, कार्ब्युरेटरचा स्क्रू पाव फेरा इकडे, पाव फेरा तिकडे फिरवी, आणि आवाज मनासारखा लागला कीं हात पुशी. कान हेंच त्याचें मापयंत्र होतें. भाग बसविणें आणि त्याची जुळणी करणें हीं एकाच हाताचीं आणि एकाच बैठकीचीं कामें होतीं.

आज आपल्या दाराशीं उभ्या असलेल्या मोटारीची गोष्ट निराळी आहे. तिचा एखादा भाग बदलला म्हणजे पुष्कळदां अर्धेंच काम होतें. उरलेलें अर्धें डोळ्यांना दिसत नाहीं, कानांना ऐकूं येत नाहीं, आणि म्हणूनच तें राहून जातें. श्रोतेहो, त्या राहून जाणाऱ्या अर्ध्या कामाविषयीं आज चार शब्द सांगावयाचे आहेत. मी मोटारींचा मिस्त्री नव्हे. मॅट्रिकपर्यंत शिकलेला आणि जन्मभर मुलांना अंकगणित व भूमिति शिकविलेला मास्तर आहें. परंतु या विषयाची फी मीं स्वतः भरली आहे. ती कशी, तें पुढें येईलच.

प्रथम हा हिशेब करणारा कोण, तें पाहूं. इंजिनाला इंधन किती द्यावें हें ठरविणारी विद्युत्-यंत्रणा बॉश कंपनीनें १९६७ सालीं फोक्सवॅगनच्या एका मोटारीवर प्रथम मोठ्या प्रमाणावर आणली. आपल्या देशांत धुराचे नियम जसजसे कडक झाले, तसतशी ती घरोघरीं आली. १ एप्रिल २०२० पासून 'बी. एस. सहा' हा नियम लागू झाल्यावर तर तिच्यावांचून नवी गाडी विकणें अशक्य झालें. या यंत्रणेच्या मेंदूला मिस्त्री लोक ईसीएम म्हणतात. आपण त्याला नियंत्रक म्हणूं. आज एका मोटारींत असा एकच नियंत्रक नसतो. इंजिनाचा वेगळा, ब्रेकचा वेगळा, सुकाणूचा वेगळा, एअरबॅगचा वेगळा, असे दहा-वीस, आणि भारी गाड्यांत त्याहूनहि पुष्कळ असतात. १९८६ सालीं पुढें आलेल्या 'कॅन' नांवाच्या पद्धतीनें हे सारे तारांच्या एका जोडीवरून एकमेकांशीं बोलतात. अलीकडे त्यांत कॅमेरा आणि रडार यांची भर पडली आहे. चाकणच्या कारखान्यांत बनलेल्या आणि २०२१ सालीं बाजारांत आलेल्या महिंद्राच्या एक्सयूव्ही ७०० सारख्या गाड्यांच्या कांहीं प्रकारांत समोरचा रस्ता पाहून स्वतः ब्रेक दाबण्याची आणि सुकाणूला हलका हात लावण्याची सोय असते.

हे नियंत्रक हुशार खरे. परंतु त्यांना जग दिसतें तें केवळ सेन्सरांनीं दिलेल्या आंकड्यांतून. आणि आंकडा मोजावयाचा तर आरंभीं शून्य कोठें आहे तें ठरलें पाहिजे. येथें मला वाण्याचें दुकान आठवतें. पूर्वीं आपण तेल आणावयास घरचें भांडें घेऊन जात असूं. वाणी तें रिकामें भांडें एका पारड्यांत ठेवी, दुसऱ्या पारड्यांत खडे टाकून कांटा मध्यावर आणी, आणि मगच तेल ओती. याला 'धडा करणें' म्हणत. भांडें बदललें कीं धडा पुन्हां करावा लागे. जुन्याच धड्यावर नव्या भांड्यांत तेल मोजलें, तर तराजू खरा असूनहि माप खोटें होई. मोटारवाले ज्याला कॅलिब्रेशन म्हणतात, तें दुसरें तिसरें कांहीं नसून हा धडाच होय. मोटारींत तो तीन प्रकारांनीं करावा लागतो.

पहिला प्रकार, नव्या भागाचें नांव पटावर घालणें. २०१९ च्या ऑगस्टांत आणि २०२१ च्या जुलैंत पंचगंगेनें राजाराम बंधाऱ्यापाशीं ५५ फुटांची रेषा ओलांडली. तेथें धोक्याची पातळी ४३ फूट आहे. त्या दोन्ही पुरांत तळघरांत आणि अंगणांत उभ्या असलेल्या मोटारी पाण्याखालीं गेल्या. गाळाचें पाणी नियंत्रकाच्या जोडणींत शिरलें कीं आंतले सांधे गंजून जातात, आणि पुष्कळदां तो बदलण्यावांचून गत्यंतर उरत नाहीं. आतां नवा नियंत्रक म्हणजे नुकताच शाळेंत आलेला मुलगा. ही गाडी कोणती, तिचा सतरा अक्षर-अंकांचा क्रमांक काय, तिच्या किल्ल्या कोणत्या, तिला एअरबॅगा किती, हें सर्व त्याला सांगावें लागतें. भंगारांतल्या गाडीचा जुना नियंत्रक आणून बसविला, तर तो आपल्या पूर्वीच्याच घरचा पत्ता सांगत राहतो आणि पुष्कळदां किल्लीहि ओळखत नाहीं. डिझेल गाडीच्या इंजेक्टरांचेंहि असेंच आहे. एकाच सांच्यांतून निघालेले दोन इंजेक्टर तंतोतंत सारखें इंधन सोडीत नाहींत. म्हणून अनेक बनावटींत कारखान्यांतच त्यांची परीक्षा होऊन प्रत्येकाच्या माथ्यावर त्याच्या फरकाचा संकेतांक लिहिलेला असतो. इंजेक्टर बदलतांना तो संकेतांक नियंत्रकांत भरला नाहीं, तर इंजिन थरथरतें, धूर ओकतें, आणि दोष मात्र नव्या कोऱ्या इंजेक्टरावर येतो.

दुसरा प्रकार, जुनी संवय मोडून नवी लावणें. इंजिनाच्या श्वासमार्गांत एक झडप असते. वर्षानुवर्षें तिच्या कडेला काजळी धरते आणि हवेची वाट अरुंद होते. नियंत्रक हें ओळखून झडप किंचित् अधिक उघडी ठेवूं लागतो, म्हणून आपल्याला कांहींच जाणवत नाहीं. पुढें मिस्त्री ती काजळी स्वच्छ धुतो. वाट मोकळी होते. परंतु नियंत्रकाची संवय जुनीच राहते, आणि उभ्या गाडीचें इंजिन उगाच जोरानें धांवूं लागतें. मालक म्हणतो, 'साफ केली आणि गाडी बिघडली.' गाडी बिघडलेली नसते. तिला नवा धडा दिलेला नसतो. कांहीं गाड्या हा धडा चालतां चालतां आपोआप शिकतात, कांहींना तो यंत्र लावून शिकवावा लागतो.

तिसरा प्रकार सर्वांत नाजूक, आणि तो म्हणजे नेम धरणें. व्हील अलाइनमेंट करून चाकें सरळ केलीं, तरी सुकाणूचा कोन मोजणाऱ्या सेन्सराचें शून्य जुन्याच जागीं राहूं शकतें. मग गाडी सरळ जात असतां घसरण आवरणाऱ्या नियंत्रकाला ती वळत आहे असें वाटतें. बंपर ठोकून रंगविला तर त्यामागील रडारचा, आणि समोरची कांच बदलली तर तिच्यामागील कॅमेऱ्याचा नेम हलतो. माझी फी मीं भरली ती येथें.

माझ्या जांवयाच्या मोटारीची समोरची कांच महामार्गावर खडी उडून फुटली. कांच बदलली. बिलांत 'कॅमेरा कॅलिब्रेशन' म्हणून एक रक्कम होती, ती मला खटकली. मीं म्हटलें, 'कांच बदलली खरी. पण कॅमेरा तर तोच आहे! त्याचे पैसे कशाचे?' जांवईबापू माझा मान राखून गप्प बसले, दुकानदारानें 'दिवा लागला नाहीं, तर राहूं द्या' म्हटलें, आणि ती रक्कम खोडली गेली. हिशेबी म्हणून मला त्या दिवशीं मोठें समाधान वाटलें.

पंधरा दिवसांनीं आम्ही सर्व निपाणीस निघालों. मी पुढें, मुलगी व नात मागें. कागलच्या पुढें उजव्या बाजूनें एक टँकर आमच्या पुढें जात होता, आणि तेवढ्यांत सुकाणू आपोआप उजवीकडे ओढलें जाऊं लागलें. जांवयांनीं तें दोन्ही हातांनीं घट्ट धरलें म्हणून आज ही गोष्ट आपल्याला सांगतां येत आहे. टँकर गेल्यावर गाडीत कोणी कांहीं बोललें नाहीं. नातीनें मात्र विचारलें, 'आजोबा, गाडी कुणी ओढली?' मला उत्तर देतां आलें नाहीं. पुढें दुसऱ्या ठिकाणीं कॅमेऱ्याची तपासणी केली, तेव्हां त्याचा नेम सुमारें अर्धा अंश सरकलेला निघाला.

अर्धा अंश! कंपासपेटींतल्या कोनमापकावर तो दाखवितांहि येत नाहीं. परंतु घरीं येऊन मीं कागद घेतला. शंभर मीटर त्रिज्येच्या वर्तुळाचा परीघ ६२८ मीटर. त्याचे ३६० भाग केले तर एका अंशाला सुमारें पावणेदोन मीटर, म्हणजे अर्ध्या अंशाला ८७ सेंटिमीटर येतात. महामार्गाचा एक पट्टा साडेतीन मीटर रुंद, मोटार १.८ मीटर धरली तर दोन्ही बाजूंना मोकळी जागा राहते ती प्रत्येकीं ८५ सेंटिमीटर. शंभर मीटरांवरची जी रेषा कॅमेऱ्यानें पाहिली, ती तिच्या खऱ्या जागेपासून गाडीच्या बाजूला असलेल्या साऱ्या मोकळ्या जागेइतकी सरकलेली होती. कॅमेरा तोच होता खरा. पण त्याचें भांडें बदललें होतें.

हा नेम पुन्हां धरावयाचा कसा? गाडी सपाट फरशीवर उभी करितात. चाकांतील हवा सारखी करितात. डिकींतलें ओझें काढतात. मग मागील चाकांवरून गाडीची खरी मध्यरेषा काढून, ठरलेल्या अंतरावर आणि ठरलेल्या उंचीवर काळ्या-पांढऱ्या आकृतींचा फलक उभा करितात, आणि कॅमेऱ्याला त्या फलकाकडे पाहून आपलें शून्य ठरवावयास लावतात. कांहीं गाड्यांत याऐवजीं, किंवा याच्या जोडीला, स्वच्छ रेषा आंखलेल्या रस्त्यावरून ठराविक वेगानें गाडी चालवून हें काम होतें. फरशीला उतार असला किंवा अंतर चुकलें, तर यंत्र चुकीचाच धडा इमानानें पाठ करितें.

आतां 'दिवा लागला नाहीं, म्हणजे दोष नाहीं' या समजुतीविषयीं. डॅशबोर्डावरील दिवा म्हणजे वर्गांतला हजेरीपट. तार तुटली, सेन्सर मुका झाला, तर तो गैरहजर म्हणून पटावर दिसतो. परंतु हजर राहून चुकीचें उत्तर देणारा मुलगा हजेरीपटावर कसा दिसावा? नेम फारच हलला तर कांहीं यंत्रें तें ओळखून स्वतःस बंद करितात. थोडा हलला तर कामावर राहतात, आणि धोका तेथेंच असतो. स्कॅनर लावून नोंद पुसणें हेंहि दुरुस्ती नव्हे. पाटी पुसली म्हणून गणित सुटत नाहीं. एअरबॅगच्या बाबतींत तर कोणी फसवा रोधक बसवून दिवा विझवितात; त्या दिव्याचें विझणें म्हणजे पहारेकऱ्याचें तोंड बांधणें होय.

याचा अर्थ आमचे मिस्त्री कामचुकार आहेत असा नव्हे. शिवाजी उद्यमनगरांत ज्या हातांनीं ओतीव लोखंडाला आणि तेलाच्या इंजिनांना आकार दिला, त्या हातांच्या कौशल्याविषयीं मला पूर्ण आदर आहे. परंतु फलक, यंत्रें आणि कंपनीची चालू माहिती यांना पैसा लागतो, सपाट व प्रशस्त जागा लागते. गल्लींतल्या लहान दुकानाला हें सर्व कोठून परवडावें? जो मिस्त्री प्रामाणिकपणें 'हें माझ्याकडे होत नाहीं, अमुक ठिकाणीं करून घ्या' असें सांगतो, तोच खरा जाणता समजावा. आणि आपण मालकांनींहि माझ्यासारखी काटकसर करूं नये. काम देण्यापूर्वीं विचारावें: या कामानंतर कोणत्या नियंत्रकाला नवा धडा द्यावा लागेल? तो येथें होईल काय? काम झाल्यावर त्याची लेखी नोंद मागावी. अपघाताचें वा कांचेचें काम विम्यांतून होत असेल, तर ही रक्कम अंदाजपत्रकांत आधींच लिहवून घ्यावी. आणि घरीं आणल्यावर पहिली फेरी रिकाम्या रस्त्यावर, हात सुकाणूवर ठेवून मारावी.

नातीच्या प्रश्नाला मीं उत्तर दिलें तें कागदावरचें गणित तिच्यापुढें ठेवून. तिला तें सारें समजलें असेल असें नाहीं. पण तिनें विचारलें, 'मग गाडीला शिकवायचं राहिलं होतं?' मीं म्हटलें, 'होय बाळ. आणि तुझ्या आजोबांनींच फी वांचविली होती.'