समुद्राच्या पोटातील तेल

हैदराबादहून समुद्र फार दूर. तरीही ज्या मालमोटारींतून आमच्या बाजारात माल येतो, त्यांच्या डिझेलचा भाव चढला की भाडे, आडत व नफा यांचे सारे गणित फिरते. म्हणून मुंबईच्या समुद्रात तेल कसे सापडले, हे व्यापारी बंधूंस सांगणे अप्रस्तुत ठरू नये.

भूगर्भात तेलाचे तळे असते, हा समज खरा नव्हे. स्पंजात पाणी राहावे तसे ते खडकाच्या सूक्ष्म छिद्रांत मुरलेले असते. वर अभेद्य खडकाचे झाकण असेल आणि थरांना घुमटासारखा उठाव असेल, तर ते एके जागी अडून राहते. हा घुमट ध्वनीने शोधावा लागतो. जहाजावरून पाण्यात धक्का देतात. त्याच्या लहरी निरनिराळ्या थरांवरून परततात, आणि परतण्यास लागलेल्या वेळावरून थरांची खोली काढतात. (या भूभौतिकशास्त्राची राष्ट्रीय संस्था १९६१ पासून आपल्याच शहरात आहे, हे पुष्कळांच्या ध्यानी नसते.)

१९५८ मध्ये खंबायतेस व १९६० मध्ये अंकलेश्वरास जमिनीवर तेल लागले, तेव्हा शोध साहजिकच समुद्राकडे वळला. सोव्हिएत जहाजाच्या साहाय्याने पाहणी झाली आणि मुंबईपासून सुमारे १६० किलोमीटरांवर एक विस्तीर्ण घुमट आढळला. परंतु लहरी घुमट दाखवितात, तेल दाखवीत नाहीत. त्यासाठी विहीरच खणावी लागते. गोदामातला न खपलेला माल निदान पडत्या भावाने तरी विकता येतो. कोरड्या विहिरीत मुद्दलच बुडते!

तेल व नैसर्गिक वायू आयोगाने जपानमध्ये ‘सागरसम्राट’ हे वेधनजहाज बांधवून घेतले. ते १९७३ मध्ये सिद्ध झाले. नियोजित जागी पोचल्यावर त्याचे उंच पाय समुद्रतळावर टेकवितात व जहाजाचा देह लाटांच्या वर उचलून धरतात. आमच्या मते खरे धैर्य येथेच होते, कारण हे जहाज बांधावयास दिले तेव्हा जगात तेल स्वस्त होते. १९७३ च्या ऑक्टोबरात पश्चिम आशियात युद्ध पेटले आणि थोड्याच महिन्यांत भाव जवळजवळ चौपट झाले. आपल्या देशाची बहुतांश गरज त्या काळी आयातीवर भागत असे.

१९७४ च्या फेब्रुवारीत ‘सागरसम्राटा’च्या त्या घुमटावरील पहिल्याच विहिरीस तेल लागले. व्यापारी उत्पादन २१ मे १९७६ रोजी सुरू झाले. किनाऱ्यापर्यंतची नळवाहिनी १९७८ मध्ये कार्यान्वित झाली; तोवर ते तेल जहाजांत भरूनच आणावे लागे.