डोव्हरचे रंगीत रोमन घर

इंग्लंडच्या आग्नेय किनाऱ्यावरचे डोव्हर हे बंदर रोमन काळात ‘ड्युब्रिस’ नावाने ओळखले जाई. ब्रिटनभोवतीच्या समुद्रावर नजर ठेवणाऱ्या रोमन आरमाराचा तळ इथे होता. या तळाशेजारी इ. स. 200 च्या सुमारास एक मोठी इमारत बांधली गेली. समुद्र ओलांडून येणाऱ्या-जाणाऱ्या अधिकाऱ्यांसाठीचे ते सरकारी विश्रामगृह असावे, असे मानले जाते. पुरातत्त्वज्ञ ब्रायन फिल्प यांच्या पथकाला 1970 मध्ये तिचे अवशेष सापडले. आज ती ‘रोमन पेंटेड हाउस’ म्हणून ओळखली जाते.

या घरात पाहण्यासारख्या गोष्टी दोन: जमिनीखालची उष्णता आणि भिंतींवरचे रंग.

आधी उष्णतेचे पाहू. खोलीत शेकोटी पेटवण्याऐवजी रोमन गवंडी खोलीची जमीनच तापवत. भट्टी भिंतीच्या बाहेर असे. तिच्यातली गरम हवा आणि धूर जमिनीखालच्या पोकळीत शिरत. ही पोकळी कशी बांधावी, हे व्हिट्रुव्हियस या रोमन वास्तुकाराने स्नानगृहांच्या संदर्भात लिहून ठेवले आहे. आठ इंची विटांचे दोन फूट उंचीचे खांब रचायचे आणि त्यांवर दोन फुटी विटा टाकायच्या. पोकळीचा तळ भट्टीकडे उतरता ठेवायचा. इतका, की आत टाकलेला चेंडू घरंगळत भट्टीच्या तोंडाशी परत यावा. त्यामुळे ज्वाला आत सहज पसरते. वर चुना आणि विटांच्या चुऱ्याचा जाड कोबा घालत. तो सावकाश तापतो आणि विस्तव मंदावला तरी बराच वेळ ऊब देत राहतो. धूर भिंतीतल्या उभ्या धुराड्यांतून वर निघून जाई. तो वर जाताना मागून नवी गरम हवा ओढली जाई, त्यामुळे पंख्याविना ही हवा खेळती राही.

आता रंग. रोमन कारागीर चुन्याच्या गिलाव्याचे थर देत आणि शेवटचा थर ओला असतानाच त्यावर रंग लावत. वाळताना चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड शोषतो, त्याचा पुन्हा चुनखडीसारखा कठीण पदार्थ बनतो आणि रंगाचे कण त्यात अडकतात. म्हणून असा रंग सहजी पुसला जात नाही. डोव्हरला 400 चौरस फुटांहून अधिक रंगीत गिलावा जागेवरच टिकला आहे. खाली आडवा पट्टा, त्यावर रंगीत चौकटी आणि चौकटींत मद्यदेव बॅकसशी संबंधित चिन्हे, अशी त्याची मांडणी आहे.

हे सारे टिकले ते घर पाडले गेले म्हणून. इ. स. 270 च्या सुमारास सैन्याने किनारा राखण्यासाठी नवा किल्ला बांधायला घेतला. त्याचा तट थेट या घरातून गेला आणि काही खोल्या नष्ट झाल्या. तटाच्या आतल्या बाजूला मातीचा बांध घालायचा होता. म्हणून उरलेल्या खोल्यांच्या भिंतींचा वरचा भाग उतरवून त्या मातीखाली गाडल्या गेल्या. त्या मातीने ऊन, पाऊस आणि गोठवणारी थंडी अडवली. दगड-विटा उपसून नेणाऱ्यांपासूनही भिंती वाचवल्या.

माती काढली, की हे संरक्षण संपते. जमिनीतली ओल भिंतीत चढते, पृष्ठभागाशी सुकते आणि तिच्यातले क्षार स्फटिक बनून रंगाचा थर सुटा करतात. प्रकाश आणि ओल एकत्र आली, की शेवाळ धरते. अवशेष जागच्या जागी राखायचे तर त्यांना छप्पर, बेताचा प्रकाश आणि शक्यतो एकसारखी हवा लागते. म्हणूनच डोव्हरच्या अवशेषांवर स्वतंत्र इमारत उभारली गेली आणि 1977 मध्ये ती लोकांसाठी खुली झाली.

चित्रे सोडवून संग्रहालयात नेता आली असती. पण मग भट्टी, कोबा आणि भिंत यांचा परस्परसंबंध दिसला नसता. घर कसे चालत होते हे समजायचे असेल, तर ते जागेवरच राखायला हवे. असे अवशेष पाहायला गेलात, तर चित्रांआधी जमिनीखालची पोकळी पाहा.