आधी पडद्यावर, मग ब्रेडबोर्डवर

सर्किट जोडण्याआधी संगणकाकडून तपासून घेण्याची रीत रुजवली ती ‘स्पाइस’ने. अमेरिकेत बर्कली विद्यापीठात 1973 साली लॉरेन्स नेगल यांनी डोनाल्ड पेडरसन यांच्या मार्गदर्शनाखाली ही प्रणाली लिहिली. तेव्हा सगळे सर्किट पंचकार्डांवर उतरवावे लागे. 1980 साली इंटेलची 8051 ही मायक्रोकंट्रोलर चिप आली आणि हिशेब बदलला: आता सर्किटाबरोबर चिपमधला प्रोग्रॅमही तपासायचा होता. नव्वदच्या दशकात प्रोटियस या सॉफ्टवेअरने ही दोन्ही कामे एकाच पडद्यावर आणली.

पालघर जिल्ह्यातल्या जव्हार-मोखाड्यासारख्या भागात या सोयीचे मोल वेगळे. दोन्ही तालुक्यांत रेल्वे नाही. आयसी जळली तर दुसरीसाठी एसटीने घाट ओलांडून नाशिक गाठायचे, नाहीतर थेट मुंबईचा लॅमिंग्टन रोड. जव्हारहून नाशिक सुमारे 80 किलोमीटर. चिप स्वस्त, खेप महाग. पडद्यावर मात्र तीच चिप कितीदाही जाळता येते. टिंकरकॅड या ऑनलाइन सिम्युलेटरमध्ये एलईडी रेझिस्टरविना 9 व्होल्टच्या बॅटरीला जोडला की तो फुटल्याची खूण उमटते, एवढेच.

टिंकरकॅडमध्ये सर्किटची सोय 2017 साली आली. 2005 साली जन्मलेला आर्डुइनो हा कंट्रोलर बोर्ड त्यात फुकट चालवता येतो, पण इंटरनेट हवे. प्रोटियसला परवाना लागतो. मुक्त पर्याय पवईतून आला. आयआयटी मुंबईच्या ‘फॉसी’ प्रकल्पातले ई-सिम (आधीचे ऑस्कॅड) फुकट आहे, एकदा उतरवून घेतले की नेटविना चालते आणि त्याच्या पोटात स्पाइसच्याच वंशातले एनजीस्पाइस आहे.

फसगत होते ती पुढे. प्रोटियसमध्ये 8051 ला क्रिस्टल नाही जोडला तरी प्रोग्रॅम धावतो, कारण घड्याळाची गती चिपच्या गुणधर्मांत आकड्याने भरलेली असते. 40 आणि 20 क्रमांकाच्या पिनांना वीजपुरवठा न दाखवताच मिळतो. तेच चित्र पाहून ब्रेडबोर्ड जोडला की चिप ढिम्म. सिरियल पोर्टवर 9600 बॉडचा वेग नेमका हवा म्हणून 11.0592 मेगाहर्ट्झचा क्रिस्टल घेतात. 12 चा बसवला तर वेग 8 टक्क्यांहून जास्त चुकतो आणि अक्षरांऐवजी कचरा छापून येतो. शेतातल्या पंपाचा रिले उघडताना उठणारी ठिणगी कंट्रोलरला मध्येच रीसेट करते, पावसाळ्यात ओलीने जोड गंजतात, सैल वायर हात लागला की सुटते. यातले काहीही नेहमीच्या सिम्युलेशनमध्ये दिसत नाही. ते पंपाजवळ बसूनच शोधावे लागते.