सासू, मंथरा आणि मिसेस डिसा

घरात सासू जरा खाष्ट निघाली की ‘अगदी ललिता पवार’ म्हणायची पद्धत अजून गेलेली नाही. नटीचं नाव स्वभावाचं विशेषण होऊन बसावं, ही तिच्या कामाला मिळालेली मोठीच पावती. पण त्या पावतीपायी बाईंचं बाकीचं काम झाकलं गेलं.

येवल्यात 1916 साली जन्मलेली ही मुलगी, मूळ नाव अंबा. पुण्याच्या आर्यन फिल्म कंपनीच्या मूकपटांत ती 1928च्या सुमारास बालकलाकार म्हणून आली आणि पुढे नायिका झाली. टॉलस्टॉयच्या ‘रिझरेक्शन’वर बेतलेला ‘दुनिया क्या है’ हा 1938चा बोलपट तर तिनं स्वतः काढला. सेटवरच्या प्रसंगात मास्टर भगवान यांची थप्पड जोरात बसली ती त्यानंतर, 1942च्या आसपास. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली, डावा डोळा कायमचा बारीक झाला, उपचार लांबले.

थप्पड बसली आणि खलनायिका जन्मली, असं ही गोष्ट सांगताना म्हटलं जातं. मला ते फार सोयीचं वाटतं. त्या डोळ्यानं नायिकेच्या भूमिका गेल्या, हे खरं. पण पुढचा अभिनय काही डोळ्यानं आपोआप केला नाही. प्रभातच्या ‘रामशास्त्री’त (1944) आनंदीबाई उभी केली तेव्हा ललिताबाई जेमतेम अठ्ठावीस वर्षांच्या होत्या.

त्यांच्या पुढच्या कारकिर्दीला काळही अनुकूल होता. स्टुडिओंचा महिना पगार संपत आला होता, नट मोकळे झाले होते आणि कौटुंबिक चित्रपटांचा धडाका सुरू झाला होता. व्ही. शांतारामांचा ‘दहेज’ (1950) त्यातलाच. अशा कथेत सासू, आत्या, मावशी लागायचीच. नायिका चार-सहा वर्षांनी बदलायची, सासूला मात्र वयाचा जाच नव्हता. राज कपूर ललिताबाईंपेक्षा आठ वर्षांनी लहान आणि शम्मी पंधरा. तरी एकाला त्यांनी पडद्यावर माया लावली आणि दुसऱ्याला ‘जंगली’त आईच्या धाकात ठेवलं. शिवाय कथेचा सगळा भार अशा बाईवरच असतो. सासूचा काच खरा वाटला नाही, तर नायिकेच्या रडण्याला कोण विचारतो?

तरी त्यांचं बळ कळतं ते ‘प्रोफेसर’मध्ये (1962). घरातल्या मुलींना करड्या शिस्तीत ठेवणारी आत्या म्हाताऱ्या मास्तरावर भाळते. हा मास्तर म्हणजे दाढी लावलेला शम्मी कपूर. आत्या आरशापुढे नटू लागते, लाजू लागते. हसू तर येतंच, पण ती हास्यास्पद होत नाही. इतकी वर्षं कडक राहिलेल्या बाईच्या आत काय कोंडलं होतं, ते दिसतं. सासूच्या भूमिकेत जरब बसवणारा तोच डोळा इथे लाजेनं मिटतो. शम्मीच्या धांगडधिंग्यात हे काम हरवलं, याचं मला नेहमी वाईट वाटतं.

हृषीकेश मुखर्जींना त्यांच्यातली ममता बरोबर दिसली होती. ‘अनाडी’तली (1959) मिसेस डिसा ही वरून फटकळ, आतून हळवी घरमालकीण. भेसळीच्या औषधानं तिचा मृत्यू होतो आणि चित्रपटाला तिथून कलाटणी मिळते. या भूमिकेला त्यांना सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. हे पारितोषिक 1955मध्ये सुरू झालं तेव्हा पहिला मान उषाकिरण यांचा होता, तीही आपलीच. पुढे ‘आनंद’मध्ये (1971) हृषीदांनी ललिताबाईंना पुन्हा बोलावलं आणि इस्पितळातल्या मेट्रनचं आडनाव ठेवलं डिसा! हा योगायोग असेल, असं मला वाटत नाही.

‘संपूर्ण रामायण’मध्ये (1961) त्या मंथरा होत्या आणि 1987 साली रामानंद सागरांच्या मालिकेतही मंथरा त्याच. रविवारी सकाळी टीव्हीपुढे बसून त्यांच्या नावानं बोटं मोडणाऱ्या कितीतरी आज्या त्यांच्याहून वयानं लहान असतील.

1998 साली पुण्यात त्यांचं निधन झालं. तोवर सातेक दशकांची कारकीर्द झाली होती. चित्रपटांचा आकडा सातशेच्या घरात सांगितला जातो. इतके कुणी पाहणार नाही. एका सुट्टीत ‘अनाडी’ आणि ‘प्रोफेसर’ हे दोनच लागोपाठ पाहा, आणि नजर नायक-नायिकेवरून जरा बाजूला ठेवा.